एका नावाच्या दोघी

मोरकॅम
९ फेब्रुवारी २००४

प्रिय फ्रेडा,

तुझं पत्र शनिवारी आलं. पाकिटावरचं अक्षर पाहूनच ओळखलं. शेवटच्या अक्षराची शेपटी अजून तशीच लांबवतेस. दहा वर्षांपूर्वी स्टॅनली गेला तेव्हा तुझं छापील कार्ड आलं होतं, आणि त्याच्या कितीतरी आधी, माझ्या लग्नात, टोस्ट उभे करून ठेवायचं ते चांदीचं स्टँड. तू काही आली नव्हतीस. दोन दिवसांचं शूटिंग आहे म्हणून कळवलं होतंस. असो. जुनं उगाळायला मी बसलेली नाही.

नाव सोडशील का, असं तू विचारतेस. मला आधी कळेचना, कुठलं नाव. मग आठवलं. अगं, मी नाटक सोडलं त्याला सत्तेचाळीस वर्षं झाली. समुद्रासमोर गेस्ट हाउस चालवलं, लोकांच्या चादरी धुतल्या, अंडी तळली. नटांच्या युनियनशी माझा आता काय संबंध? तिथे एका नावाच्या दोघी चालत नाहीत, जिचा अर्ज आधी पोचेल तिचं नाव, हा नियम मला माहीत आहे. पण माझं नाव त्यांनी कधीच खोडून टाकलं असेल. तू त्यांनाच विचार.

सिनेमाचं वाचून बरं वाटलं. गिरणीतली म्हातारी विणकरीण म्हणजे आपली बोल्टनची आजीच की. मागांच्या खडखडाटात आजी आवाज न काढता नुसत्या ओठांनी बोलायची, आणि ती सवय अशी लागली होती की घरी चहाला बोलवायचं तरी ओठच हलवायची. आपण दोघी शाळेत तसंच बोलायचो, आठवतं? बाईंना पत्ता लागायचा नाही. ते सगळं तू सिनेमात केलंस म्हणतेस. पन्नास वर्षांत पहिल्यांदा पडद्यावर तुझं एकटीचं नाव येणार, ते एप्रिलअखेर तयार होणार, आणि तिथे लोर्ना बेक्सली हे घेतलेलं नाव नको, आजीचं नाव हवं. ते मी समजू शकते. शेवटी दोघी सख्ख्या भावांच्या मुली, दोघींना आजीचंच नाव ठेवलेलं, विनिफ्रेड हासलम. एका घरात दोन हाका नकोत म्हणून मी विनी झाले आणि तू फ्रेडा.

मी टीव्ही फारसा बघत नाही, त्यामुळे तुझी कामं काही पाहिलेली नाहीत. त्या दवाखान्याच्या मालिकेत नर्स होतीस म्हणे. टोपी जरा वाकडी बसली होती.

तब्येतीला जप.

विनी


२२ फेब्रुवारी

प्रिय फ्रेडा,

तू युनियनला विचारलंस तर. विनिफ्रेड हासलम यादीत आहे, वर्गणी दर जानेवारीला न चुकता येते, एकही वर्ष खंड नाही, असं त्यांनी सांगितलं. तू रागावशील असं वाटलं होतं. तू एका ओळीचं पत्र लिहिलंस. ‘का गं विनी?’

सांगते. खाटकाच्या दुकानात मी मिसेस क्रॅबट्री. पोरांची मी मम्मी. गेस्ट हाउसात येणारे मला मिसेस सी म्हणायचे. बँकेत क्रॅबट्री, डॉक्टरकडे क्रॅबट्री, स्टॅनलीच्या थडग्यावर माझ्यासाठी जागा सोडली आहे तिथेही उद्या क्रॅबट्रीच कोरतील. वर्षातून एकदा एक पाकीट येतं, आणि त्यावर छापलेलं असतं विनिफ्रेड हासलम. मी ते तिथल्या तिथे फोडत नाही. आधी चहा करते, चष्मा पुसते, खिडकीतल्या खुर्चीत बसते आणि मग उघडते. आत नुसती पावती असते. तो माझा सण.

हे खरं आहे. पण अर्धंच.

उरलेलं अर्धं असं, की ते नाव तुला मिळू नये.

टीव्ही बघत नाही म्हणून लिहिलं तेही खोटं. माझ्याकडे एक निळी वही आहे. तू जिथे जिथे दिसलीस ते सगळं तिच्यात आहे, तुझ्या एजंटकडे तरी असेल की नाही कोण जाणे. नर्स अकरा वेळा. घरमालकीण सात वेळा. दार उघडून ‘साहेब घरात नाहीत’ म्हणणारी बाई चार वेळा. पहिल्या जाहिरातींच्या आत खून झालेली दोनदा. न्यायाधीशाची बायको एकदा, तिला वाक्यच नव्हतं, नुसता मोजा विणत होतीस. प्रत्येक ठिकाणी किती शब्द बोललीस तेही मी मोजून लिहिलंय. कमी असले की मला बरं वाटायचं. एकदा तू फक्त ‘साखर?’ एवढंच विचारलंस. तो आठवडा माझा फार छान गेला. आणि मग दुकानात एक बाई दुसरीला म्हणाली, काल ती साखर विचारणारी पाहिलीस का, काय गं तिचा चेहरा, आख्खं लग्न मोडलेलं दिसत होतं त्यात. पुढे माझा आठवडा कसा गेला ते लिहीत नाही.

१९७१ साली तू इथे शूटिंगला आली होतीस. ‘विनी, मी मोरकॅमला येतेय’ असं तुझं कार्ड आलं होतं. मी बाहेरगावी असल्याचं कळवलं. होते इथेच. चहाच्या टपरीमागे छत्री धरून उभी होते. तू आइसक्रीम विकत घेऊन रस्ता ओलांडायचास, एवढंच काम. नऊ वेळा केलंस. नऊ वेळा नवं आइसक्रीम. वारा असा की तुझा स्कार्फ तोंडावर येत होता. आणि नवव्या वेळीही तू ते आइसक्रीम असं घेतलंस, जणू लहानपणानंतर पहिल्यांदाच कोणी तुला काही दिलं. मी घरी गेले आणि स्टॅनलीशी विनाकारण भांडले.

माझ्या पोटात दुखतं ते त्या बुधवारपासून. मिस्टर प्रुडोच्या नाटक कंपनीत होतो आपण, इथेच मोरकॅमला, चोपन्नचा जुलै. बाहेर पाऊस, त्यामुळे दुपारचा खेळ सुट्टीवर आलेल्या लोकांनी भरलेला. ओले कोट, रडणारी पोरं, कागदात गुंडाळलेली कोळंबी खाण्याची खसखस. मी घरच्या लेकीचं काम करत होते, पानंच्या पानं वाक्यं. चेहरा माझा चांगला होता हे तूही नाकारणार नाहीस. तू मोलकरीण. तू ट्रे घेऊन यायचंस, एप्रनच्या खिशातून पत्र काढायचंस आणि म्हणायचंस, ‘मॅडम, आपलं पत्र.’ एवढंच. त्या दिवशी तुझा हात खिशात गेला आणि तिथेच थांबला. किती वेळ थांबला, देव जाणे. खोकणारे थांबले. खाणारे थांबले. आख्खं थिएटर तुझ्या त्या हाताकडे बघत राहिलं. मग तू पत्र काढलंस, माझ्याकडे पाहिलंस, आणि हळू आवाजात तुझं वाक्य म्हणालीस. मी माझं विसरले. विंगेतून तीनदा सांगावं लागलं.

ती शांतता मला उभ्या जन्मात एकदाही मिळाली नाही. मोलकरणीला मिळाली. मग निदान नाव तरी माझ्याकडे राहू दे, असं वाटायचं. आता कळलं, का ते?

विनी


१४ मार्च

प्रिय फ्रेडा,

तू काय विचित्र बाई आहेस. मी एवढं पान पान लिहिलं आणि त्यावर तू विचारतेस, ‘त्या बुधवारचं आणखी काय काय आठवतं तुला?’

आणखी काय आठवायचं? पाऊस होता. तुझा घसा धरलेला होता, सोमवार-मंगळवार तू अंथरुणात होतीस, बुधवारी पहिल्यांदा उठून आलीस. घरमालकिणीने तुला कांद्याचं दूध पाजलं होतं त्याचा वास स्टेजपर्यंत येत होता. आठवतं ते एवढंच.

इकडे हवा बरी आहे. शेजारच्या ग्लॅडिसने तिच्या मांजराला

१६ मार्च, मंगळवार

वरचं पत्र तसंच राहू देते. ग्लॅडिसच्या मांजराचं तुला काय करायचंय.

दोन दिवस पेन घेते आणि ठेवते. एप्रिल जवळ येतोय हे मला कळतं. आता लिहिते, वाचून झाल्यावर माझ्याशी बोलू नकोस हवं तर.

आपलं ठरलं होतं. त्या बुधवारच्या आधीच्या रविवारी बोल्टनला, आजीच्या स्वयंपाकघरात. एकीने पूर्ण नाव घ्यायचं, विनिफ्रेड हासलम, आणि दुसरीने नुसतं विनी किंवा फ्रेडा लावायचं. आजीने पेनीचं नाणं उडवलं. तू जिंकलीस. मी तुझ्या गालाची पापी घेतली. आजी माझ्याकडे बघून आवाज न काढता म्हणाली, ‘शहाणी पोर.’

सोमवारी तू अंथरुणात. तुझा अर्ज मिस्टर प्रुडोंची सही घेऊन तयार होता. तू तो माझ्या हातात दिलास, म्हणालीस, दोन्ही एकदम टाक. मी पोस्टाच्या पेटीपर्यंत गेले. माझ्या अर्जावर ‘विनी हासलम’ होतं. मी पोस्टात जाऊन तिथल्या शाईने ‘विनी’ खोडून ‘विनिफ्रेड’ लिहिलं आणि अर्ज पेटीत टाकला. तुझा ठेवला. गुरुवारी टाकला.

शनिवारी युनियनचं उत्तर आलं, हे नाव आधीच दिलेलं आहे म्हणून. तू जिन्यात बसून ते वाचलंस आणि माझ्याकडे वर पाहिलंस. मी म्हणाले, त्यांच्याकडे काहीतरी घोटाळा झाला असेल. तू कागदाची घडी घातलीस. फ्रेडा हासलम तरी लाव, मी म्हणाले. तू म्हणालीस, आख्खं मिळत नसेल तर तुकडा नको. लंडनला गेलीस, समोर टोप्यांच्या दुकानावर ‘लोर्ना’ आणि पुढून जाणाऱ्या बसवर ‘बेक्सली’ दिसलं, आणि त्या दोघांत तू पन्नास वर्षं राहिलीस.

मी किती वर्षं टिकले? तीन. स्टेजवर कोणी माझ्याकडे बघायचं नाही गं. चेहरा चांगला आहे म्हणायचे आणि ट्रेकडे बघायचे.

आजीला मी हे सांगितलं नाही. ती जाताना तिच्या उशाशी मी होते. ती मला फ्रेडा म्हणाली. मी ओ दिली.

विनी


३ एप्रिल

प्रिय फ्रेडा,

तुझं उत्तर नाही. बरोबरच आहे.

सोबत युनियनचा कागद आहे. विनिफ्रेड हासलम हे नाव मी सोडते आहे, लोर्ना बेक्सली या माझ्या चुलतबहिणीला ते द्यावं, असं लिहून सही केली आहे. साक्षीदार म्हणून ग्लॅडिसची सही घेतली. ती म्हणाली, घर विकतेस की काय? मी म्हटलं, नाही, फक्त एक खोली.

हा कागद मी मनापासून देते आहे असं समजू नकोस. अजूनही वाटतं, सिनेमा पडावा. पण नाव तुझं होतं. पेनी तुझ्या बाजूने पडली होती.

आज शनिवार. हे पत्र आजच टाकते आहे, पेटी उघडायच्या आत. खिशात ठेवायची माझी छाती नाही.

विनी


२१ नोव्हेंबर

प्रिय फ्रेडा,

एप्रिलमध्ये तुझं पोस्टकार्ड आलं, त्यावर तीनच वाक्यं होती. ‘नाव पोचलं. सिनेमा बघ. मागांच्या प्रसंगात माझ्या ओठांवर लक्ष ठेव.’ तेव्हापासून मी वाट बघत होते. तुझ्या सिनेमाची अशी वाट मी कधीच पाहिली नव्हती, वाईट चालावा म्हणूनसुद्धा.

काल दुपारी गेलो. मी, ग्लॅडिस आणि चर्चमधल्या आणखी तिघी. ग्लॅडिस चष्मा घरी विसरली, ती नेहमीच विसरते. दिवे गेले. आधी त्या तरुण मुलीचं नाव आलं, मग मुलाचं. मग पडदा काळा झाला आणि एकटंच, मधोमध, आलं. विनिफ्रेड हासलम.

माझ्या घरात दिवाणखान्यात माझा एक जुना फोटो आहे, नाटकातला, खाली नाव लिहिलेलं. ग्लॅडिस तो वीस वर्षं बघते आहे. तिने मला असा कोपर मारला की पेपरमिंटच्या गोळ्या खाली सांडल्या.

“विनी, हे तर तुझं नाव. कधी गं केलंस? बोलली नाहीस.”

मी म्हणाले, “बघ गुपचूप.”

मी नाही म्हटलं नाही. तुझ्यापासून आता काय लपवू? तू पडद्यावर आलीस, शाल डोक्यावरून घेतलेली, आजीचं नाक, म्हणजे माझंही. ग्लॅडिस कुजबुजली, मेकअप किती थापलाय तुला. मागच्या तिघी पुढे वाकून माझ्या खांद्यावर थोपटून गेल्या. आणि मला बरं वाटलं. एक तासभर, अंधारात, मी तुझी सगळी कामं केली. तुझ्या जागी मी रडले, मी पाव कापला, मी पोराला मारलं. फार चांगलं काम केलं मी.

मग गिरणी आली. मागांचा तो आवाज, खुर्ची हादरत होती. पलीकडच्या मागावरची बाई तुला काहीतरी विचारते. तू धागा सोडतेस, हात एप्रनच्या खिशात घालतेस. आणि थांबतेस.

थिएटर गप्प झालं. गोळ्या चघळणाऱ्या थांबल्या. तेच मोरकॅम, पन्नास वर्षांनी. तोच हात. तीच शांतता. माझ्या पोटात दुखायला लागलंच.

मग तू मान वर केलीस. त्या बाईकडे नाही, सरळ समोर. ओठ हलले. खाली काही लिहून आलं नाही, कोणाला काही कळलं नाही. मागे कोणी विचारलं, काय म्हणाली? मला कळलं. आजीची नात आहे मी.

‘मॅडम, खिशात दोन पत्रं होती.’

फ्रेडा, मी एप्रनचं तुला लिहिलं नव्हतं. ठेवला, एवढंच लिहिलं होतं. थिएटरात चहा करताना मी तुझ्या मोलकरणीचाच एप्रन बांधायचे, तुझा अर्ज त्याच्यातच राहिला होता. तू तो बांधून ट्रे घेऊन आलीस तेव्हा मला ते आठवलं. पण तू बरोबर नाटकातलंच पत्र दिलंस, खेळ संपल्यावर एप्रन खुंटीवर होता आणि पाकीट आत, जागच्या जागी. मला वाटलं, सुटले. तुझ्या हाताला कळलंच नाही.

म्हणजे तुला कळलं होतं. माझं पत्र म्हणून जे तू शोधत होतीस त्याच्याशेजारी तुला तुझं स्वतःचं सापडलं होतं. शेपटीवाल्या अक्षरातलं. ज्या शांततेवर मी आख्खा जन्म जळले, तो अभिनय नव्हता. एक पोर तिथे उभी होती आणि तिला नुकतंच कळलं होतं की बहिणीने काय केलं. ती शांतता मीच तुला दिली होती. आणि तू ते पाकीट परत खिशात ठेवलंस. का गं? मी टाकते की नाही ते बघायला? बुधवार गेला, गुरुवार दुपार झाली. मी टाकलं तेव्हा तू कुठल्या खिडकीतून बघत होतीस?

आणि मी जुलैतल्या त्या बुधवारचं तुला लिहिलं फेब्रुवारीत, अर्जाचं मार्चमध्ये. सिनेमा तू आदल्या वर्षीच करून ठेवला होतास. म्हणजे माझ्या कबुलीच्या आधीच तुझं उत्तर डब्यात बंद होतं. मी लिहिलं नसतं तरी ते मला तिथे भेटलंच असतं. काल रात्री मला झोप लागली नाही, पण तक्रार नाही.

बाहेर आलो. चहाच्या दुकानात तिघींनी मला मधली खुर्ची दिली. ग्लॅडिस दुकानदाराला सांगत होती, ही आमची विनी, सिनेमात आहे. तो कागदी रुमाल घेऊन सही मागायला आला. पेन माझ्या हातात होतं. मी ‘वि’ लिहिलासुद्धा.

मग मी पेन खाली ठेवलं. म्हणाले, “ती मी नाही. ती फ्रेडा, माझ्या वॉल्टरकाकांची मुलगी. नाव तिचंच आहे, माझ्याकडे राहिलं होतं.”

ग्लॅडिसने चहाचा कप खाली ठेवला.

“मग तू कोण?”

“मी विनी.”

“ते माहीत आहे गं बाई. मग चहाचे पैसे आता कोण देणार?”

मी दिले. चौघींना केकही घेतला. घरी येऊन निळी वही काढली आणि तुझ्या नावाखाली लिहिलं, गिरणीतली विणकरीण, एकूण शब्द चारशे सहा, आणि पाच आवाजाशिवाय. वही आता भरत आली आहे, पण मागची दोन पानं कोरी आहेत, तेव्हा लगेच मरू नकोस. आणि एक सांगून ठेवते, पाव तू आजीसारखा कापत नाहीस. आजी सुरी स्वतःकडे ओढायची. ते मला जमतं.

आता एकच मागणं. जानेवारी येईल आणि पाकीट येणार नाही. पोस्टमन दारावरून पुढे जाईल. मी चहा केलेला असेल, चष्मा पुसलेला असेल. तेव्हा तू एक पाकीट पाठव. आत काही नसलं तरी चालेल. वर मिसेस क्रॅबट्री लिहू नकोस. आपलं नाव लिही, पूर्ण, शेपटीसकट. एक नाव दोघींनी वापरलेलं युनियनला चालत नसेल, पण पोस्टमनचं काही म्हणणं नाही, मी त्याला विचारलं आहे.

आणि सोमवारीच टाक.

तुझी,
दुसरी विनिफ्रेड